रेघवाल्यांची सरळ रेघ

माझ्या शिलाईच्या दुकानाला लागून जे दुकान आहे, त्याच्या मालकाला सगळा रस्ता रेघवाले म्हणतो. त्यांच्या आईनं हौसेनं ठेवलेलं नाव आता फक्त विजेच्या बिलावर उरलंय, आणि ते बिलसुद्धा टाकणारा माझ्याच दारात टाकून जातो. म्हणून मला तरी ते माहीत आहे.

हे नाव पडलं त्यांच्या त्या यंत्रामुळे. ऑसिलोस्कोप. हा शब्द म्हणताना माझी जीभ दोनदा अडखळली, तिसऱ्यांदा मी त्याला रेघेची पेटी म्हणून मोकळी झाले. करडी, जड पेटी. पुढे छोटी गोल काच, काचेवर आखलेल्या चौकटी, बाजूला बटणांची ही गर्दी. काचेवर एक हिरवी रेघ असते. ती रेघ हलली की रेघवाले हलतात. एरवी माणूस कसा, टेबलाला स्क्रूनं बसवल्यासारखा.

कामाला वाघ आहेत, ते खोटं कशाला बोलू. रेडिओ, अँप्लिफायर, वजनकाटे, दवाखान्यातली यंत्रं, काय म्हणून त्यांच्याकडे येत नाही! पण या माणसाचा कानांवर विश्वास नाही, लोकांच्या बोलण्यावर तर त्याहून नाही. गिऱ्हाईक सांगतं, ‘‘आवाज खरखरतो हो.’’ हे म्हणणार, ‘‘तुम्हाला तसं वाटतं. बघू.’’ मग पेटीची वायर लावणार, बटणं फिरवणार, काचेवर रेघेला काटे फुटलेले दिसले की मान वर करून गंभीरपणे जाहीर करणार, ‘‘खरखरतो.’’ अहो, तो बिचारा तरी दुसरं काय सांगत होता! हातच्या काकणाला आरसा कशाला, असं लोक म्हणतात. यांना काकणाला लागतोच, हातालाही लागतो.

दुकानामागच्याच खोलीत ते आणि त्यांची आई राहतात. मी आईंना मावशी म्हणते. एकदा मावशी आतून कण्हत म्हणाल्या, ‘‘अरे, गुडघा दुखतोय रे माझा.’’

हे इकडून विचारतात, ‘‘सतत दुखतो की मधूनमधून?’’

‘‘सततच की मेल्या.’’

‘‘मग ठीक आहे.’’

ठीक आहे! म्हणजे मधूनमधून दुखला असता तर तो बिघाड. सतत दुखतोय, तर गुडघा तसाच असेल. मावशींनी त्यावर लेकाला जो आहेर दिला तो मी भिंतीपलीकडून ऐकला, आणि हसता हसता माझी टीप वाकडी गेली. हसायचं काही कारण नव्हतं, हे मला पुढे कळलं.

मी त्यांच्याकडे पहिल्यांदा गेले ती माझ्या मशीनच्या मोटरपायी. वडील होते तोवर पायानं मशीन चालवलं. ते गेले, घरात एकटीच उरले, कामात तरी वेग यावा म्हणून मोटर बसवली आणि डोक्याला ताप करून घेतला. मोटर मधेच उधळायची, मधेच रुसायची. सगळा सरंजाम उचलून शेजारच्या दुकानात नेला.

आणि ऐका, रेघवाल्यांनी मान वर केली. नुसती मान नाही, ते उठले. कोपऱ्यातलं लाकडी स्टूल ओढलं, खिशातला रुमाल काढून ते पुसलं, आणि म्हणाले, ‘‘बसा टेलरबाई. काय बिघडलंय?’’

मी सांगायला लागले तर म्हणाले, ‘‘थांबा. बघू.’’ हे ओघानं आलंच.

त्यांनी पेटी सुरू केली. काच जरा वेळानं उजळली. मी विचारलं, ही रेघ येते कुठून? हा प्रश्न त्यांना आजवर कुणी विचारलाच नसावा. त्यांचा चेहरा असा खुलला की मलाच लाजल्यासारखं झालं.

‘‘काचेच्या मागे लांब मानेची बाटली आहे असं समजा,’’ ते म्हणाले. ‘‘मानेच्या टोकाशी एक भाग तापवलेला असतो. तिथून इलेक्ट्रॉन सुटतात. त्यांची बारीक धार करून ती पुढच्या काचेवर मारायची. काचेला आतून लेप आहे. धार पडली तिथे हिरवा ठिपका उजळतो.’’

‘‘ठिपका ना? मग रेघ कशी?’’

‘‘वाटेत पत्र्यांच्या दोन जोड्या आहेत. एक जोडी धारेला वरखाली खेचते, दुसरी आडवी. आडवं खेचण्याचं काम पेटी स्वतः करते. ठिपका डावीकडून निघतो, एका चालीनं उजवीकडे जातो, झटकन परत येतो, पुन्हा निघतो. इतक्या भरभर की आपल्याला रेघच दिसते. वरखाली किती जायचं, ते मात्र तुमची मोटर ठरवणार.’’

मी म्हटलं, ‘‘म्हणजे झिगझॅगची शिलाई.’’

‘‘काय?’’

‘‘सुई आपली जागच्या जागी इकडून तिकडे हलते. मशीनच्या पायाखालचे दाते कापड एका चालीनं पुढे सरकवतात, म्हणून तिचं हलणं कापडावर उमटतं. कापड सरकलंच नाही तर सुई त्याच भोकांत नाचत बसेल आणि दोऱ्याचा गुंता होईल.’’

रेघवाले माझ्याकडे बघतच राहिले. मग म्हणाले, ‘‘अगदी.’’

एवढंच. पण ज्या तऱ्हेनं म्हणाले ना, तिथेच मी फसले. चाळिशीला टेकलेली बाई, दिवसभर लोकांची मापं घेणारी, आणि एका ‘अगदी’वर घसरले. वर्षानुवर्षं माझ्याशी लोक ‘घट्ट झालंय’ आणि ‘सैल झालंय’ याखेरीज काही बोललेच नव्हते.

मग त्यांनी सगळी बटणं दाखवली. एका बटणानं ठरतं की उभी एक चौकट म्हणजे किती व्होल्ट. दुसऱ्यानं ठरतं की आडवी एक चौकट म्हणजे किती वेळ. बारीक गोष्ट मोठी करून बघायची, मोठी गोष्ट काचेत मावेल अशी लहान करायची. माझ्या मोटरची लाट काचेवर नुसती धावत होती, डोळा ठरेना. त्यांनी आणखी एक बटण जरासं वळवलं आणि लाट जागच्या जागी उभी राहिली. त्याला म्हणे ट्रिगर म्हणतात. ठिपक्याची प्रत्येक फेरी लाटेच्या त्याच उंचीपासून सुरू करायची, म्हणजे चित्रावर चित्र बरोबर बसतं. चौकड्याचं कापड कापताना आम्ही प्रत्येक तुकडा त्याच पट्टीपासून धरतो, तेच हे.

पेटीला एक लांब वायर असते, तिच्या टोकाला पेनासारखी दांडी. तिला प्रोब म्हणतात. तिला एक छोटा चिमटाही असतो. ‘‘चिमटा आधी,’’ ते बजावून म्हणाले. ‘‘कशापासून मोजतोय ते पक्कं नसेल तर मोजण्याला अर्थ नाही.’’ आणि सांगितलं, की रोज सकाळी कामाला लागण्याआधी ते प्रोबचं टोक पेटीच्याच एका खुंटीला लावतात. काचेवर चौकोनी खांद्यांची लाट येते. खांदे गोल झालेले किंवा टोकदार दिसले तर प्रोबवरचा बारीक स्क्रू फिरवून सरळ करायचे. ‘‘दुसऱ्याला तपासण्याआधी स्वतःला तपासावं.’’ काय पण सुविचार! भिंतीवर लिहायच्या लायकीचा.

मोटर नीट झाली. मी दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा गेले, तुरपाईचं काम हातात घेऊन. माझ्या दुकानात दुपारी ऊन थेट डोळ्यांत येतं, असं कारण मी तयार ठेवलं होतं. कुणी विचारलंच नाही. रेघवाल्यांनी मान वर करून पाहिलं, ‘‘बसा’’ म्हणाले. तिसऱ्या दिवशी पाहिलं, पण बोलले नाहीत. नंतर पाहणंही संपलं. स्टूल माझं झालं आणि मी स्टुलाची.

अशी कितीतरी वर्षं मी रोज दुपारी तिथे बसले. काजं केली, बटणं लावली, फॉलच्या साड्यांचे ढीग संपवले. ते काम करत, मी काम करी. वजनकाटेवाला येऊन तावातावानं भांडून जायचा, तो गेल्यावर रेघवाले दिवसभर म्हणायचे, ‘‘काय माणूस आहे!’’ बोळातलं मांजर मनाला येईल तेव्हा यायचं, तर यांचा हात थांबायचा, ‘‘आज दिसलं बुवा.’’ मी मात्र रोज त्याच वेळी, त्याच स्टुलावर. माझ्याबद्दल ‘आज दिसल्या बुवा’ म्हणायची वेळच कधी आली नाही. आता मांजराचा हेवा करायचं माझं वय आहे का? पण केला.

पेटीच्या काचेवर बरोबर मधोमध एक पुसट तपकिरी रेघ आहे. पेटी बंद असली तरी दिसते. मी विचारलं होतं, तर म्हणाले, ‘‘रेघ फार काळ एकाच जागी राहिली की लेप जळतो. खूण पडते.’’ मी मनात म्हटलं, चला, निदान काचेला तरी कळतं.

मावशींना सगळं ठाऊक होतं. म्हाताऱ्या माणसांना गुडघे नसतील, डोळे असतात. एक दिवस लेक बाहेर गेलेला पाहून त्या मला म्हणाल्या, ‘‘काखेत कळसा नि गावाला वळसा, असा आहे गं तो. तूच सांगून टाक पोरी.’’

‘‘मी कशाला सांगू?’’ मी उसळले. ‘‘मला काय गरज पडलीय?’’

गरज पडली होती. फार पडली होती. पण सांगणार काय, आणि त्यांनी त्यावर ‘तुम्हाला तसं वाटतं, बघू’ म्हटलं असतं तर मी तोंड कुठे लपवलं असतं?

मग धाकटीचा फोन आला. माझी बहीण दुसऱ्या गावी असते. ‘‘ताई, आमच्या घराखालचा गाळा रिकामा होतोय. ये इकडे. किती दिवस एकटी राहणारेस? मालक महिनाअखेरपर्यंत थांबेल, मग दुसऱ्याला देईल.’’

‘‘बघते.’’

‘‘बघते काय? ते शेजारचे काही बोलले का?’’

‘‘मी रोज जाते तिथे,’’ मी म्हटलं.

‘‘रोज जाण्यानं काय होतं गं? रोज तर दूधवालाही येतो.’’ धाकटीची जीभ आमच्या घरातलीच आहे. ‘‘असं कर, चार दिवस जाऊच नकोस. बघ कसा शोधत येतो.’’

‘‘मी टेलर आहे, नटी नाही,’’ असं म्हणून मी फोन ठेवला. खरं कारण वेगळं होतं. चार दिवस गेले नाही आणि ते आलेच नाहीत, तर? ही भीती मी कुणाला सांगणार!

शेवटी मी सरळच सांगायचं ठरवलं. दुपारी स्टुलावर बसले, सुईत दोरा ओवला, आणि म्हटलं, ‘‘मी दुकान सोडतेय. महिनाअखेरीस बहिणीकडे जाणार. कायमची.’’

रेघवाल्यांची नजर काचेवर. सोल्डरिंगचा धूर वर चाललेला. मग म्हणाले, ‘‘मग त्या भिंतीतलं सामाईक वायरिंग वेगळं करून घ्यावं लागेल.’’

मी कपाळावर हात मारून घेतला नाही, कारण हातात सुई होती. उठले आणि स्टूल मुद्दाम दाणकन आपटलं.

त्यांनी लगेच मान वळवली. ‘‘पाय हलतोय का त्याचा?’’

दुसऱ्या दिवशी मी जाणार नव्हते. शपथ घेऊन सांगते, नव्हते. दुपार झाली आणि पाय आपले आपण निघाले. म्हटलं, थोडेच दिवस तर राहिलेत, तुरपाई तरी संपवावी. मनाची समजूत घालायला माणसाला कारणं काय कमी असतात!

त्या दिवशी टेबलावर एक जुना, काचेच्या व्हॉल्व्हचा अँप्लिफायर होता, गाणं शिकवणाऱ्या मास्तरांचा. गाण्यामागे सारखी घूं घूं येते अशी तक्रार. रेघवाल्यांनी अर्थातच विश्वास ठेवला नव्हता. त्यांनी पेटीवरची एक बारीक पट्टी सरकवली, प्रोब लावला, बटण फिरवून रेघ मोठी केली. काचेवर बुटक्या लाटा उठल्या. ‘‘घूं घूं आहे,’’ त्यांनी निकाल दिला. ‘‘कंडेन्सर थकलाय.’’

कंडेन्सर म्हणजे विजेची साठवण, एवढं मला इतक्या वर्षांत कळलं होतं. प्लग काढला तरी त्यात वीज दबा धरून बसते. दुकानात येणाऱ्या प्रत्येकाला रेघवाले ओरडून सांगतात, हात लावायचा नाही, आधी बघायचं. त्यांनी अँप्लिफायर बंद केला, प्लग काढला. चिमटा लावला. प्रोबचं टोक कंडेन्सरला अडकवलं, आणि तेवढ्यात पेचकस सापडेना म्हणून खाली वाकून खण उघडला. पेचकस घेऊन वर आले, काचेकडे पाहिलं. रेघ मधोमध, सुतासारखी सरळ.

‘‘रिकामा आहे,’’ ते म्हणाले, आणि हात घातला.

फट्ट असा आवाज झाला. खुर्ची मागे गेली, पेचकस उडून भिंतीवर आदळला, आणि रेघवाले भिंतीला टेकून जमिनीवर. चेहरा पांढराफटक. माझ्या तोंडून हाक निघाली, आणि ती रेघवाले अशी नव्हती. विजेच्या बिलावरचं नाव मी त्या दिवशी पहिल्यांदा मोठ्यानं घेतलं.

‘‘काय पडलं गं?’’ आतून मावशी.

‘‘काही नाही मावशी, डबा पडला,’’ मी म्हटलं. मी खाली बसून त्यांचा हात हातात घेतला. बोटाच्या टोकाला पांढरा चट्टा पडला होता. पण नाडी चालत होती, श्वास नीट होता. मला रडूच कोसळलं.

आणि हा माणूस काय म्हणतो? ‘‘रेघ सरळ होती. तुम्हीही पाहिलीत ना?’’

‘‘रेघ गेली खड्ड्यात!’’ मी ओरडले. ‘‘जीव गेला असता आता!’’

‘‘पण सरळ होती,’’ ते पुटपुटले. उठायला लागले, मी बसा म्हटलं तर ऐकेनात. टेबलाला धरून पेटीपाशी गेले आणि एकेक बटण बघत गेले. त्या बारीक पट्टीपाशी येऊन थांबले, आणि खुर्चीत बसकणच मारली.

‘‘एसीवर राहिली,’’ ते म्हणाले.

‘‘म्हणजे?’’

‘‘इथे दोन जागा आहेत. डीसीवर ठेवलं तर जे आहे ते सगळं दिसतं. एसीवर ठेवलं तर पेटी फक्त हलणारं तेवढं दाखवते. जे एकसारखं आहे ते गाळून टाकते. मला ती घूं घूं बघायची होती. विजेच्या मोठ्या दाबावरची बारीक लहर. ती दिसावी म्हणून मोठा दाब बाजूला काढला. आणि पट्टी परत सरकवायची राहिली.’’

‘‘म्हणजे कंडेन्सर भरलेला होता.’’

‘‘काठोकाठ.’’

‘‘आणि तरी दिसला नाही.’’

‘‘हलत नव्हता ना. एकसारखा होता.’’

मी डोळे पुसले. आता माझ्या डोक्यात काहीतरी जुळायला लागलं होतं, आणि ते मला मुळीच आवडत नव्हतं. ‘‘पण टोक लावलं त्या क्षणी? तेव्हाही काहीच दिसत नाही?’’

‘‘दिसतं. रेघ एकदा वर उडते. मग हळूहळू खाली येऊन मधे बसते. मी तेव्हा पेचकस शोधत होतो.’’

‘‘आणि टोक काढून घेतलं तर?’’

तांत्रिक प्रश्न विचारला की हा माणूस उत्तर दिल्याशिवाय राहूच शकत नाही. ‘‘एकदा खाली उडेल,’’ ते म्हणाले, ‘‘आणि पुन्हा मधे.’’

‘‘म्हणजे असतानाही सरळ, नसतानाही सरळ.’’

‘‘एसीवर, हो.’’

मी तुरपाईचं कापड गोळा केलं. खूप वर्षं गिळलेलं मी एकदम बोलून टाकलं. ‘‘पहिल्या दिवशी मी आले तेव्हा तुम्ही उठला होतात. रुमालानं हे स्टूल पुसलं होतंत. दुसऱ्या दिवशी नुसती मान वर केलीत. मग तीही नाही. मी त्यानंतर एक दिवस चुकले नाही, हे तुम्हाला माहीत तरी आहे का? मला तुम्ही आवडता, म्हणून मी येत होते. माझ्या दुकानात ऊन येतं म्हणून नाही. आता जाईन तेव्हा तुमची रेघ एकदा खाली उडेल, मग बसेल जाग्यावर. वायरिंग तेवढं वेगळं करून घ्या.’’

रेघवाल्यांनी भाजलेल्या बोटानंच ती पट्टी सरकवली. प्रोब अजून कंडेन्सरला तसाच अडकलेला होता. काचेवरची रेघ क्षणात नाहीशी झाली.

‘‘गेली?’’ मी विचारलं. विचारायचं नव्हतं, पण विचारलं.

‘‘गेली नाही. वर गेली. धक्क्यानंतर उरलंय तेवढंही काचेत मावत नाहीये,’’ ते म्हणाले, आणि व्होल्टचं बटण एकेक घर फिरवत गेले. कितीतरी घरं फिरवल्यावर रेघ काचेच्या वरच्या कडेपाशी दिसायला लागली. हलत नव्हती. ते तिच्याकडे बघत राहिले, आणि मी माझ्या दुकानात निघून आले.

त्या रात्री मला झोप लागली नाही, यात सांगण्यासारखं काही नाही. सकाळी मी धाकटीला फोन केला नाही, हेही खरं. काय सांगायचं तेच ठरेना. कपाटं रिकामी करायला घेतली, दोऱ्याची रिळं रंगावारी लावली, मग पुन्हा विस्कटली.

दुपारी ऊन डोळ्यांत यायला लागलं. मी मशीनवरच होते. दारात सावली पडली.

रेघवाले होते. बोटाला पट्टी, बगलेत ते लाकडी स्टूल. इतकी वर्षं भिंतीला भिंत लावून राहिले, पण माझ्या दुकानाचा उंबरठा हा माणूस पहिल्यांदा चढत होता. इकडेतिकडे बघत उभे राहिले. मग मशीनच्या बाजूला जागा पाहून स्टूल ठेवलं आणि खिशातून रुमाल काढून पुसलं. स्वतःच बसले.

मी मान वर केली नाही. वाटलं होतं, तरी केली नाही. ‘‘काय बिघडलंय?’’ मी विचारलं.

‘‘काही बिघडलेलं नाही.’’

मी टीप मारत राहिले. कापडाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत गेले, कापड वळवलं, परत निघाले.

‘‘जाऊ नका,’’ ते म्हणाले. ‘‘का ते मला नीट बोलता येणार नाही. काल तुम्ही गेलात आणि मी त्या स्टुलाकडे बघत बसलो. माझ्या लक्षात आलं की मी त्याच्याकडे कधी पाहिलंच नव्हतं, कारण ते कधी रिकामं नसायचं. जाऊ नका, एवढंच.’’

माझ्या डोळ्यांपुढे टीप पुसट झाली. पण मी शिवत राहिले. एवढ्या सहज पाघळायला मी काय मेण आहे? म्हटलं, बसू देत. कळू दे जरा, कुणी मान वर करत नसताना शेजारी बसून राहायचं म्हणजे काय असतं.

दुसऱ्या दिवशीही आले. तिसऱ्या दिवशीही. दुधानं तोंड पोळलेला माणूस ताकही फुंकून पितो, तसे ते आता सगळं दोनदा बघतात. मी दोरा बदलला की विचारतात, कंटाळलात का. मी नाही बदलला की विचारतात, हाच आवडतो का. भिंतीपलीकडून मावशी ओरडतात, ‘‘माझा गुडघा अजून सततच दुखतोय बरं का!’’ आणि हे उठून तेल घेऊन जातात. गिऱ्हाइकं त्यांना शोधत माझ्या दुकानात येतात, आणि हे तिथूनच सांगतात, ‘‘खरखरतो म्हणताय ना? मग खरखरत असेल.’’

महिना संपत आला तशी धाकटी फोनवर फोन करायला लागली. आजही केला, नेमका दुपारी.

‘‘ताई, मालक थांबत नाही आता. गाडी कधी पाठवू सामानाला?’’

बाजूच्या स्टुलावर बटण लावायचं काम चाललं होतं. त्यांना मी तेवढं शिकवलंय, रिकामे बसलेले मला बघवत नाहीत. ते काम थांबलं. सुई अर्ध्या कापडात, आणि नजर माझ्या तोंडाकडे.

‘‘गाडी नको पाठवूस,’’ मी म्हटलं. ‘‘गाळा देऊ दे त्याला कुणाला द्यायचाय तो.’’

‘‘अगं बाई! काही बोलले का मग ते?’’

‘‘बोलले.’’

‘‘काय? काय बोलले? सांग ना लवकर!’’

मी त्यांच्याकडे पाहिलं. बटण वाकडं लावलं होतं, चार भोकांतलं एक रिकामंच ठेवून.

‘‘फार काही नाही गं,’’ मी म्हटलं. ‘‘रोज येतात.’’